डिक्री हातात आहे पण जमीन नाही - सामायिक जमिनीच्या दाव्याबद्दल

माळरान (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी, इतकी वर्षं नुसता वाचनमात्र होतो, पहिलाच धागा काढतोय आणि तोही भाऊबंदकीचा, सांभाळून घ्या.

थोडक्यात सांगायचा प्रयत्न करतो (जमणार नाहीये). आजोबांची १० एकर जमीन, दोन गटांत. त्यांना ती त्यांच्या वडिलांकडून आलेली, म्हणजे वडिलोपार्जित. आजी १९७९ ला गेली, आजोबा १९८३ ला. मागे तीन मुलगे, दोन मुली. सातबाऱ्यावर थोरल्या काकांचं एकट्याचं नाव लागलं आणि पुढे ए.कु.मॅ. असा शेरा. माझे वडील मधले, नोकरीनिमित्त बाहेर, धाकटे काकाही बाहेरच. थोरले काका कसत राहिले, कुणाची तक्रार नव्हती, मग वडिलांनी रिटायर व्हायच्या आधी वाटणीचा विषय काढला तर काका म्हणाले कसली वाटणी, तोंडी वाटप केव्हाच झालंय आणि तू तुझा वाटा सोडलायस. मग २००३ साली दावा.

२०१२ ला निकाल आमच्या बाजूने लागला, तोंडी वाटप शाबित झालं नाही. काका अपिलात गेले, जिल्हा कोर्टाने २०१७ ला अपील फेटाळलं. २०१८ ला कागद वाटपासाठी कलेक्टरकडे गेले. एकदा मोजणीवाले आले, काकांनी बांधावर उभं राहून हरकत घेतली, ते परत गेले. २०१९ ला काका गेले, २०२१ ला वडील. आता वादीच्या जागी मी आणि समोर चुलतभाऊ. मधल्या काळात काकांनी २०१५ ला रस्त्याकडची एक एकर बाहेरच्या माणसाला खरेदीखताने विकली, आणि चुलतभावाने त्याच गटात विहीर पाडली.

माझे प्रश्न असे की डिक्रीला बारा वर्षं होऊन गेली तर ती मेली का, विकलेल्या एकराचं काय, आणि तिसरं म्हणजे आता दोन्ही आत्या म्हणतात की आम्हाला भावांइतकाच वाटा पाहिजे. डिक्रीत त्यांना अगदी थोडं आलंय. एकदा जिल्हा कोर्टाच्या अपिलापर्यंत जाऊन आलेले हिस्से आता बदलतात का? वकिलांना विचारलं तर ते म्हणतात बघू.

उंबराखाली

२००३ चा दावा. म्हणजे त्या वर्षी जन्मलेलं पोर आता लग्नाचं झालं. वाचतोय, लिहितो नंतर.

जुनी फाइल

माळरान, मी महसूल खात्यातून निवृत्त, त्यामुळे कोर्टाचं कोर्टवाले सांगतील, मी चावडीच्या बाजूचं सांगतो.

पहिलं म्हणजे ए.कु.मॅ. हा शेरा मालकीचा नाही. एकत्र कुटुंब मॅनेजर. म्हणजे नाव एकाचं पण जमीन कुटुंबाची, हे सरकारी कागदच बोलतोय. तुमच्या काकांनी तोंडी वाटप झालं म्हणायचं आणि सातबाऱ्यावर पस्तीस-चाळीस वर्षं ए.कु.मॅ. तसाच ठेवायचा, हे एकमेकांशी जुळत नाही आणि कोर्टाला ते दिसलं असणार. बाकीच्यांनाही सांगतो, तुमच्या उताऱ्यावर हा शेरा असेल तर वारसांचा फेरफार करून सगळ्यांची नावं लावून घ्या, माणसं जिवंत आहेत तोवर. फेरफाराची नोटीस निघते, १५ दिवस हरकतीला, हरकत आली नाही तर मंडळ अधिकारी मंजूर करतो. हरकत आली की ती नोंद तक्रारी होते आणि मग प्रांतांकडे अपील, पुढे आणखी वर, लोक वीस वर्षं फेरफारावर भांडतात आणि शेवटी वरून उत्तर येतं की मालकीचा प्रश्न दिवाणी कोर्टात सोडवा. ते उत्तर पहिल्याच दिवशी माहीत असतं सगळ्यांना. फेरफार हा महसूल कुणाकडून वसूल करायचा यासाठीचा कागद, त्याने मालकी येतही नाही आणि जातही नाही.

आता तुमचं मुख्य दुखणं. शेतसारा लागणाऱ्या जमिनीच्या वाटपाची डिक्री असली की दिवाणी कोर्ट फक्त हिस्से ठरवतं, प्रत्यक्ष जमीन तोडून देण्याचं काम दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ खाली कलेक्टरकडे जातं. कलेक्टरकडे जातं म्हणजे कलेक्टर येऊन दोरी धरत नाही. कागद तहसीलला येतो, तिथून मोजणीसाठी भूमी अभिलेखकडे, तिथे मोजणी फी भरा म्हणून पत्र निघतं, ते पत्र मयत माणसाच्या नावाने निघतं, परत येतं, आणि फाइल कपाटात जाते. कपाटातली फाइल आपणहून बाहेर येत नाही, हे मी तीस वर्षं कपाटाच्या आतल्या बाजूने पाहिलेलं आहे. तुमचं २०१८ पासूनचं हेच झालेलं असणार. काका आणि वडील दोघांचे वारस त्या फाइलवर लागलेत का ते आधी बघा. आणि आवक क्रमांक घेऊन स्वतः जाऊन या, फोनवर होत नाही.

वाटप सरस-निरस मानाने करायचं असतं, म्हणजे नुसतं क्षेत्र नाही, काळी किती, मुरमाड किती, पाणी कुठे, रस्ता कुठे, हे सगळ्यांना सारखं यायला हवं. तुमच्या चुलतभावाने रस्त्याकडे विहीर पाडली ती उगाच नाही.

माळरान

काका, वारस लावलेच नव्हते हो. वकील म्हणाले होते की कोर्टात लावलेत. म्हणजे तहसीलला वेगळे लावायचे?

जुनी फाइल

कोर्टाच्या फाइलला पाय नसतात. तिथल्या आदेशाची नक्कल काढून इथे द्यायची. वेगळीच द्यायची.

वकिली चष्मा

धागा आत्ता पाहिला. वाटपाचे दावे चालवतो म्हणून लिहितो, पण तुमचे कागद पाहिलेले नाहीत हे धरून चाला.

बारा वर्षांचं भूत डोक्यातून काढा. तुमच्याकडे आहे ती प्राथमिक डिक्री, अंतिम नाही. बारा वर्षांची मुदत अंमलबजावणीच्या दरखास्तीला लागते. वाटपाच्या दाव्यात प्राथमिक डिक्रीने हिस्से ठरतात, पण प्रत्यक्ष वाटप होईपर्यंत दावा चालूच आहे असं धरतात, आणि पुढची कारवाई करा म्हणून अर्ज द्यायला मुदतीचा कायदा आडवा येत नाही, हे सुप्रीम कोर्टाने २००९ मध्ये शुभकरण बुबना प्रकरणात स्पष्ट केलंय. २०२२ मध्ये तर सुप्रीम कोर्टाने असंही म्हटलं की प्राथमिक डिक्री झाल्यावर कोर्टाने आपणहून पुढची तारीख लावून अंतिम डिक्रीकडे जावं, पक्षकाराने वेगळा अर्ज करायची वाट बघू नये. आमच्याकडे जुन्या दाव्यांत मात्र अजूनही अर्ज देऊन मागे लागावं लागतं.

विकलेला एकर. दावा (अपील धरून) चालू असताना विकला, म्हणजे मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम ५२ लागतं, घेणारा निकालाला बांधील. खरेदी रद्द होते असं नाही, लोकांचा इथे गैरसमज असतो. सामायिक मालकाला स्वतःचा अविभक्त हिस्सा विकता येतो, पण घेणाऱ्याला मिळतो तो विकणाऱ्याचा हिस्सा, अमुक तुकडाच मिळेल याची खात्री नाही. वाटप करताना जमलं तर तोच एकर काकांच्या वारसांच्या वाट्यात बसवतात, म्हणजे घेणाराही बुडत नाही आणि तुमचंही नुकसान नाही. पण मग तो एकर रस्त्याकडचा आहे, म्हणजे सगळ्यात सरस, तर त्याच्या बदल्यात काकांच्या वारसांना बाकीची जमीन तशी हलकी यायला हवी. हा मुद्दा लेखी द्या, तोंडी बोललेलं मोजणीच्या दिवशी कुणाला आठवत नाही. ज्यांचे दावे चालू आहेत त्यांनी दाव्याची नोटीस सबरजिस्ट्रारकडे नोंदवून ठेवावी, आपल्याकडे ती पद्धत आहे आणि विकत घेणारा मग मला माहीतच नव्हतं असं म्हणू शकत नाही.

आत्यांचा मुद्दा मोठा आहे, रात्री लिहितो.

धाकटी पाती

मी याच प्रश्नावर थांबलेय, लिहा नक्की.

सरळमार्गी

कायदा काय म्हणेल तो म्हणो, पण आत्यांची लग्नं याच जमिनीच्या जोरावर झाली ना? तेव्हा कर्ज कोणी फेडलं? आता जमिनीला भाव आला तर सगळ्यांना माहेर आठवतं. स्पष्ट बोललो, राग नसावा.

धाकटी पाती

राग आहे. लग्न माझं झालं, खर्च माझ्या सासरच्यांच्या मानपानावर झाला, तो मी मागितला नव्हता. आणि भावाच्या लग्नाचा खर्च कुठल्या जमिनीतून झाला तेही सांगा, तो त्याच्या वाट्यातून वजा करूया मग.

सरळमार्गी

तुमचं वैयक्तिक नव्हतं ताई.

वकिली चष्मा

आत्यांबद्दल. हिशोब मांडतो म्हणजे सगळ्यांनाच कळेल.

आजोबा १९८३ ला गेले तेव्हाच्या हिंदू वारसा कायद्यात (१९५६ चा) मुलगी सहदायाद, म्हणजे वडिलोपार्जित जमिनीत जन्मानेच वाटेकरी, नव्हती. मग काल्पनिक वाटप धरायचं, म्हणजे आजोबा जाण्याच्या क्षणी वाटणी झाली असती तर कुणाला काय आलं असतं ते, आजोबा आणि तीन मुलगे असे चार वाटे, आजोबांचा पाव वाटा पाच मुलांत समान. म्हणजे आत्यांना प्रत्येकी विसावा हिस्सा, भावांना प्रत्येकी विसातले सहा. १० एकर म्हणजे ४०० गुंठे, त्यात एकेका आत्याला २० गुंठे आणि एकेका भावाला १२० गुंठे. तुमच्या डिक्रीत हेच असणार.

महाराष्ट्राने १९९४ ला मुलींना सहदायाद केलं खरं, पण २२ जून १९९४ च्या आधी लग्न झालेल्या मुली वगळल्या. मग ९ सप्टेंबर २००५ ची केंद्राची दुरुस्ती आली, त्यात लग्नाची अट नाही. त्यावर वडील २००५ ला जिवंत असायला हवेत की नकोत यावर बराच काळ घोळ, २०१५ च्या निकालात सुप्रीम कोर्टाने हवेत म्हटलं, आणि ११ ऑगस्ट २०२० ला विनीता शर्मा प्रकरणात तीन न्यायाधीशांनी ते उलटवलं. मुलीचा हक्क जन्माने, वडील केव्हा गेले याला महत्त्व नाही. त्याच निकालात असंही आहे की कायद्यातलं ते काल्पनिक वाटप हे खरंखुरं वाटप नव्हे, आणि प्राथमिक डिक्री झाली असली तरी अंतिम कारवाई किंवा अपील बाकी असेल तर मुलींना समान हिस्सा द्यायचा. डिक्री झाल्यावरही हिस्से बदलता येतात हे त्याआधी २०११ लाच गंदुरी कोटेश्वरम्मा प्रकरणात येऊन गेलंय.

म्हणजे तुमच्याकडे पाच समान वाटे, प्रत्येकी ८० गुंठे. आत्यांचे २० चे ८० होतात आणि तुमचे १२० चे ८०. वाईट वाटेल, पण विचारलंत म्हणून सांगितलं.

हिस्से बदलायचा अधिकार तहसीलदाराला नाही, त्याला डिक्रीत लिहिलंय तेवढंच वाटता येतं. आत्यांना ज्या कोर्टाने डिक्री दिली तिथे अर्ज द्यावा लागेल. अपवाद एकच, २० डिसेंबर २००४ च्या आधी रजिस्टर दस्ताने किंवा कोर्टाच्या डिक्रीने वाटप पूर्ण झालं असतं तर. तुमचं झालेलं नाही. आणि तोंडी वाटपाची सबब कोर्ट आता सहसा ऐकत नाही, सरकारी कागदात आधीपासून वेगवेगळे उतारे, वेगळी वहिवाट असं काही भक्कम असेल तरच.

माळरान

चष्मा साहेब धन्यवाद, दोनदा वाचलं. खरं सांगू का, पहिल्यांदा वाचून झोप उडाली. वडिलांनी अठरा वर्षं कोर्टाच्या पायऱ्या झिजवल्या त्या १२० गुंठ्यांसाठी, आणि ज्या कधी तारखेला आल्या नाहीत त्यांना... असो. रात्री बायको म्हणाली की आत्यांना तारखेला बोलावलं होतं का कुणी? नव्हतं. प्रतिवादी क्रमांक ४ आणि ५ म्हणून नुसती नावं होती, वकीलपत्र पण दाखल नाही. समन्स आलं तेव्हा वडिलांनीच त्यांना सांगितलं होतं की तुम्ही काळजी करू नका, मी बघतो.

हिस्सेदार ४१

हे नाव का घेतलंय ते आता सांगतो. आमच्या कोकणातल्या सातबाऱ्यावर ५८ नावं आहेत आणि माझं एक्केचाळिसावं. एकूण क्षेत्र बघितलं तर माझ्या वाट्याला चार आण्याची कलमं आणि बारा आण्याचा कातळ. अर्धी नावं मयत, वारस नोंदी नाहीत, काही जण मुंबईत, काही कुठे ते कुणालाच माहीत नाही. माझ्या चुलत्याने वाटपाचा दावा लावला, आणि अकरा वर्षं झाली, दावा समन्सच्या पुढे गेलेला नाही. ५७ प्रतिवादी. बेलिफ जातो, घर बंद, शेरा मारतो, परत. मग पर्यायी बजावणीसाठी अर्ज, वर्तमानपत्रात जाहीर नोटीस, त्या नोटिशीत एकाचं नाव चुकलं, पुन्हा नोटीस. तोवर दोन जण गेले.

आणि इथे खरी गंमत. पक्षकार वारला की ९० दिवसांत त्याचे वारस रेकॉर्डवर आणावे लागतात, नाहीतर त्याच्यापुरता दावा रद्दबातल होतो, मग तो रद्दबातलपणा काढायला अजून ६० दिवस, मग उशीर माफीचा अर्ज आणि त्याची वेगळी सुनावणी. प्रतिवादी १७ वारले हे आम्हाला दीड वर्षाने कळलं, एका लग्नात. त्यांच्या वकिलाला माहीत होतं का, तर होतं. कायद्याप्रमाणे वकिलाने कोर्टाला कळवायचं असतं. कळवलं नाही. वाटपाच्या दाव्यात सगळे हिस्सेदार लागतात, एक जरी राहिला तरी समोरचा म्हणतो दावाच चालत नाही, त्यामुळे एका माणसासाठी सगळं अडतं.

तर माळरान भाऊ, तुमच्याकडे फक्त पाच शाखा आहेत हे माझ्या दृष्टीने श्रीमंती आहे.

उंबराखाली

५८ नावं!! _/\_

हिस्सेदार ४१

अवांतर: महामार्गात थोडी जागा गेली तेव्हा ५८ च्या ५८ जण सापडले. जे समन्सला सापडत नव्हते ते मोबदल्याला स्वतः आधार कार्ड घेऊन आले. मग वाटणीवरून वाद झाला, रक्कम वाटायचा प्रश्न राष्ट्रीय महामार्ग कायद्याप्रमाणे दिवाणी कोर्टाकडे गेला, आता तिथे ती पडून आहे. म्हणजे एका जमिनीचे दोन दावे.

धाकटी पाती

आता माझं सांगते, बरेच दिवस मनात आहे. बाबा गेल्यावर भावाने सांगितलं वारस नोंद करायचीय, तहसीलला ये, सही लागेल. गेले, सही केली, चहा पिऊन परत आले. चार वर्षांनी ऑनलाइन सातबारा बघितला तर माझं आणि बहिणीचं नाव नाही. फेरफार काढला तर त्यात लिहिलंय की बहिणींनी जबाब देऊन आपला हक्क स्वखुशीने भावाच्या लाभात सोडला. रजिस्टर ऑफिसला मी कधी गेलेच नव्हते. आता भाऊ म्हणतो सही तुझीच आहे ना. सही माझीच आहे.

वकिली चष्मा

ताई, त्या फेरफाराची आणि त्याला जोडलेल्या सगळ्या कागदांची साक्षांकित नक्कल आधी काढा. स्थावर मालमत्तेतला हक्क सोडायचा तर हक्कसोडपत्र रजिस्टर असावं लागतं. तलाठ्यासमोरच्या जबाबावरून नाव कमी होतं, हक्क जात नाही. नाव कमी होणं आणि हक्क जाणं या दोन गोष्टी वेगळ्या आहेत हे बहुतेक बहिणींना कुणी सांगतच नाही. पण समजा रजिस्टर दस्त निघाला, तर मात्र तो रद्द करून घ्यायचा दावा कळल्यापासून तीन वर्षांत, म्हणून तारीख लिहून ठेवा, ऑनलाइन कधी बघितलंत त्याची.

आणि महाराष्ट्रात मालमत्तेच्या वादात स्त्रियांना कोर्ट फी माफ आहे, १९९४ च्या शासनाच्या अधिसूचनेने. खर्चाला घाबरून थांबू नका, वकिलाची फी अर्थात माफ नाही :)

तुमच्या भावाने जमीन विकायला काढली तर आधी मनाईचा अर्ज, ज्याला आम्ही निशाणी ५ म्हणतो. दावा चालेल तसा चालेल, निशाणी ५ वर काय होतं ते महत्त्वाचं, कारण तोवरची वर्षं त्यावर जातात.

जुनी फाइल

ताई, यात चूक माझ्यासारख्यांचीही आहे हे कबूल करतो. जबाब घेताना समोरच्या बाईला वाचून दाखवायचा असतो. गर्दीत कोण वाचून दाखवतं. मी दाखवायचो, पण सगळे कागद दाखवले असं छातीवर हात ठेवून नाही सांगू शकत.

नांगरट

थोडा वेगळा प्रश्न, आमच्याकडे जमीन मूळ कुळाची. कूळ म्हणून नाव थोरल्या आजोबांचं लागलं, कूळ कायद्याच्या कलम ३२ ग खाली त्यांच्याच नावाने किंमत ठरली, ३२ म चं खरेदीचं सर्टिफिकेट त्यांच्या नावाने. पण कसत होते तिघं भाऊ. आता त्यांची नातवंडं म्हणतात कूळ एकटेच होते, जमीन आमची.

वकिली चष्मा

हे फार ठिकाणी आहे. १ एप्रिल १९५७ (कृषक दिन, त्या दिवशी कुळं मालक झाली असं कायदा धरतो) च्या आसपासचे उतारे आणि पीकपाहणी काढा, कुळाचं नाव त्याआधी कधी आणि कुणाचं लागलं ते बघा. थोरल्या आजोबांच्या वडिलांच्या नावाने कूळ असेल तर तुमची बाजू भक्कम. किंमतीचे हप्ते भरले तेव्हा घर एकत्र होतं का, तेही. नाव एकाचं लागलं म्हणून जमीन त्याची एकट्याची होत नाही, पण एकत्र होती हे शाबित करायचं काम तुमचं. नुसतं सगळे मिळून कसायचे हे सांगणारे साक्षीदार आता राहिलेत कुठे, म्हणून कागद.

सरळमार्गी

एक शंका, प्रामाणिक. चुलतभाऊ इतकी वर्षं एकटाच कसतोय, बारा वर्षांनंतर ताब्याने मालक होत नाही का? आमच्या गावात तर सगळे असंच म्हणतात.

वकिली चष्मा

सगळे म्हणतात, कोर्ट म्हणत नाही. सामायिक मालकांत एकाचा ताबा हा सगळ्यांचा ताबा धरतात. त्याने उघडपणे बाकीच्यांचा हक्क नाकारला, त्यांना ते कळलं, आणि त्यानंतर बारा वर्षं कुणी काहीच केलं नाही, असं असेल तर गोष्ट वेगळी. म्हणून कुणी तोंडावर तुझा काही संबंध नाही म्हणाला तर त्या दिवसापासून कॅलेंडर चालू होतं असं समजा.

उंबराखाली

म्हटलं होतं लिहितो म्हणून, तर आमचं कसं मिटलं ते. आमचाही दावा होता, नऊ वर्षं, माझे वडील आणि दोन काका. उलटतपासात धाकट्या काकांना विचारलं की तुमच्या आईच्या आजारपणाचा खर्च कोणी केला, ते गप्प उभे राहिले आणि रडायला लागले, जज्जसाहेबांनी पाच मिनिटं कामकाज थांबवलं. बाहेर आल्यावर व्हरांड्यात तिघं भाऊ पहिल्यांदा एका बाकावर बसले. पुढचं सोपं नव्हतं, अजून वर्ष गेलं. शेवटी पद्धत जुनीच, थोरल्याने वाटे पाडायचे आणि धाकट्याने पहिला उचलायचा. एकदा हे ठरलं की थोरला इतके काटेकोर वाटे पाडतो की मोजणीवाल्यालाही जमणार नाही! विहीर कुणालाच दिली नाही, सामायिक ठेवली, पाण्याच्या पाळ्या दिवसांवर लिहिल्या आणि सातबाऱ्याच्या इतर हक्कात नोंद केली. मग लोकअदालतीत तडजोड टाकली, तिथला निवाडा डिक्रीसारखाच असतो, त्यावर अपील नाही, आणि भरलेली कोर्ट फी परत मिळाली.

रस्ता मात्र लिहायचा विसरलो. आता त्यावरून धुसफूस चालू आहे. त्यामुळे सगळं गोड झालं असं समजू नका.

जुनी फाइल

रस्ता आणि विहीर. माझ्या अनुभवात वाटपानंतरची निम्मी भांडणं याच दोन गोष्टींची.

ज्यांच्यात वाद नाही त्यांच्यासाठी एक, सगळे हिस्सेदार राजी असतील तर महसूल संहितेच्या कलम ८५ खाली तहसीलदारांकडे वाटप होतं, कोर्टात जायची गरज नाही. कुणी मालकीचाच वाद काढला की तहसीलदार थांबतो आणि कोर्टाकडे बोट दाखवतो. रजिस्टर वाटणीपत्र करणाऱ्यांसाठी शेतजमिनीच्या वाटणीपत्राची नोंदणी फी माफ करायचा निर्णय मंत्रिमंडळाने मे २०२५ मध्ये घेतला. आणि तुकडेबंदी, म्हणजे ठरलेल्या क्षेत्राहून लहान तुकडे पाडायला बंदी, लक्षात ठेवा, सध्या जिरायतीला २० गुंठे आणि बागायतीला १० गुंठे हे प्रमाणभूत क्षेत्र आहे, भावनेच्या भरात पाच-पाच गुंठे पाडून ठेवाल तर नोंद अडकेल. सलोखा योजनेचं पण लोक विचारतात, ती बारा वर्षांपासून एकमेकांच्या जमिनी कसणाऱ्यांच्या अदलाबदलीसाठी आहे, हजार रुपये मुद्रांक आणि हजार नोंदणी, पण ती वाटणीची योजना नव्हे.

माळरान

मंडळी, अपडेट देतो, मध्ये तीन महिने गेले.

आत्यांकडे जाऊन आलो. मोठी आत्या ८१ वर्षांची आहे. मी हिशोबाचा कागद नेला होता, ८० गुंठ्यांचा, तिने बघितलाच नाही, म्हणाली तुझ्या बापाने मला समन्स आलं तेव्हा सांगितलं होतं मी बघतो म्हणून, त्याने बघितलं का? मला काही बोलता आलं नाही. मग म्हणाली मला जमीन काय करायचीय, पण कागदावर माझं नाव हवं, मी त्या घरात जन्मले एवढं कुठेतरी लिहिलेलं हवं. धाकटी आत्या तशी नाही, तिला जमीन पाहिजे आणि ती मोजून पाहिजे. बरोबर आहे तिचं.

आम्ही कोर्टात हिस्से दुरुस्तीचा अर्ज दिला, आत्यांनी अर्जदार म्हणून आणि मी विरोध नाही म्हणून लिहून दिलं. धाकट्या काकांनी कुरकुर केली, त्यांचे पण १२० चे ८० होतायत. चुलतभावाने वकिलामार्फत म्हणणं दिलं की विनीता शर्मा इथे लागू नाही, अपील संपलंय. दोन तारखा झाल्या, युक्तिवाद झाला, कोर्टाने अर्ज मंजूर केला. तो वर जाईल असं वाटलं होतं, अजून तरी गेलेला नाही. मी नवीन आदेशाची नक्कल आणि सगळ्यांचे वारस दाखले घेऊन स्वतः तहसीलला गेलो, आवक क्रमांक घेतला. जुनी फाइल काका, फाइल खरंच कपाटात होती. वरून तिसरी.

मोजणीची नोटीस आलीय. चुलतभावाला निरोप दिला, तो म्हणाला येतो, पण विहीर माझी आहे, पैसे मी घातलेत. ते तर खरंच आहे.

वकिली चष्मा

अभिनंदन. विहिरीचं असं की त्याने स्वखर्चाने पाडली असेल तर शक्यतो ती बाजू त्याच्या वाट्याला द्यायची असा न्याय आहे, पण त्या बदल्यात सरस-निरस भरून निघायला हवं, आणि विकलेला एकरही त्याच गटात आहे हे विसरू नका. दोन्ही त्याच्याच वाट्यात बसवा म्हणून लेखी द्या आणि पाण्याची पाळी मागा. तो पाळीला तयार झाला तर बाकी फार ताणू नका.

धाकटी पाती

मोठ्या आत्यांना माझा नमस्कार सांगा. मी पण नक्कल काढली. रजिस्टर दस्त नाहीये. पुढच्या आठवड्यात दावा दाखल होतोय.

हिस्सेदार ४१

ताई, शुभेच्छा. सगळ्यांचे पत्ते आत्ताच नीट लिहून घ्या.

माळरान

मोठी आत्या मोजणीला येते म्हणतेय. तिला म्हटलं उन्हात कशाला, तर म्हणाली खुर्ची टाक बांधावर, मी बसते.

जुनी फाइल

छत्री पण न्या. आणि मोजणीदार सह्या घ्यायला कागद पुढे करेल तेव्हा घाई करू नका, कच्चा नकाशा बघून विहिरीपर्यंत जायचा रस्ता दाखवलाय का तेवढं तपासा, दाखवला नसेल तर सही करताना शेजारी तसं लिहा. पेन स्वतःचं न्या.